अर्धवट लेण्यांवरून खोदकामाचा क्रम कसा ओळखायचा?

रविवारचा भटका

नमस्कार मंडळी. वेरूळचं कैलास लेणं कळसापासून पायाकडे कोरत आणलं हे शाळेपासून ऐकत आलोय, आणि तिथे ते पटतंही, कारण वर मोकळं आभाळ आहे. पण अजिंठा, भाजे, कार्ले ही डोंगराच्या पोटात शिरलेली लेणी. तिथेही "वरून खाली" खोदलं असं सर्रास लिहिलेलं असतं. डोक्यावर अख्खा डोंगर असताना वरून खाली म्हणजे नेमकं कसं? पहिला घाव कुठे घातला? खांब आधी सुटले की छत? आणि वेढ्यात-लढाईत काम थांबलं वगैरे गोष्टी बाजूला ठेवून, नुसता दगड बघून लेणं अर्धवट का राहिलं ते कळतं का?

पुढच्या महिन्यात अजिंठ्याला २४ क्रमांकाच्या लेण्यात तासभर घालवायचा विचार आहे. गर्दी १, २, १६, १७ मध्ये असते, तिथे कोणी थांबत नाही असं दिसतं. नेमकं काय बघू?

ओळंबा

"वरून खाली" हा शब्दप्रयोग दोन वेगळ्या कामांना एकच लावला जातो, तिथेच घोटाळा होतो.

कैलासला तिन्ही बाजूंनी चर खणून मधला ठोकळा सुटा केला. समोरची बाजू डोंगराचीच भिंत म्हणून ठेवली आणि तिच्यात दार काढलं. सगळं उघड्यावर. अजिंठ्याच्या विहारात (भिक्खूंच्या राहण्याच्या लेण्यात) मात्र माणूस आडवा शिरतो, पण छताच्या उंचीवरून. म्हणजे शिरकाव आडवा आणि उतरण आतल्या आत. दोन्हीकडे सूत्र तेच: जो भाग सर्वांत वर असेल तो आधी पुरा करायचा, मग खाली यायचं. कारण साधं आहे. न खोदलेला दगड हीच परांची. छतावर हात पोचावा म्हणून लाकडं बांधत बसावं लागत नाही, आणि वरून निसटलेली कपची खालच्या तयार कोरीवकामावर पडत नाही, कारण खाली अजून कोरीवकाम नसतंच.

क्रम साधारण असा. आधी कड्याचा तिरपा चेहरा तासून उभा, सपाट करायचा. याला लोक किरकोळ समजतात, पण डोंगराचा उतार जितका सौम्य तितका हा दगड जास्त निघतो, म्हणून लेण्यासाठी उभा कडाच शोधतात. वाघोरा नदीच्या वळणावरचा अजिंठ्याचा नालाकृती कडा याच कामाचा. मग ओसरी. ओसरीच्या मागच्या भिंतीत, पुढे जिथे दारं-खिडक्या यायच्या तिथून, आत बोळ घालायचे. माणूस वाकून घण मारू शकेल एवढे. हे बोळ एकमेकांना समांतर, मध्ये दगडाची पातळ भिंत सोडून. पुरेसं आत गेलं की त्या मधल्या भिंती दोन्ही अंगांनी मोकळ्या झालेल्या असतात, त्या झपाट्याने पाडता येतात. सगळीकडून घासून काढण्यापेक्षा यात बरेच श्रम वाचतात.

वरचा थर असा मोकळा झाला की छत तासून सरळ करायचं आणि मग तळ टप्प्याटप्प्याने खाली न्यायचा. जिथे खांब यायचे तिथे चौकोनी ठोकळे सोडत उतरायचं. म्हणजे खांब "उभे करत" नाहीत, खांबाच्या भोवतीचा दगड काढतात. त्यामुळे एक फार मोठी जबाबदारी अगदी पहिल्या दिवसांवर येते: खांब कुठे येणार, गाभारा कुठे, कोनाडा कुठे, हे छताशी असतानाच ठरलेलं हवं. नंतर "इथे एक खांब हवा होता" म्हणायची सोय नाही.

२४ मध्ये हे सगळं एका जागी दिसतं. पुरं झालं असतं तर अजिंठ्याच्या सर्वांत मोठ्या विहारांत, ४ क्रमांकाच्या खालोखाल, त्याचा नंबर लागला असता. आत जा आणि आधी वर बघा, मग खाली. दालनात खांब जेमतेम एखादाच नीट घडवलेला, बाकी ठोकळे. मात्र ओसरीकडे नक्षीची घाई दिसेल. म्हणजे आत घणाचं काम चालू असतानाच बाहेर नक्षीवाले बसले होते. दोन वेगळ्या टोळ्या, दोन वेगळ्या गती. ओसरीच्या खांबांवरून मात्र काही निष्कर्ष काढू नका. मूळचे बरेचसे पडले होते, उभे दिसतात ते दुरुस्तीतले.

याहून आधीची अवस्था बघायची असेल तर २९ क्रमांक. २० आणि २१ च्या मध्ये, वरच्या अंगाला आहे, म्हणून वाटेने चालताना नजरेतून सुटतं. चैत्यगृह (आत स्तूप असलेलं प्रार्थनेचं लेणं) करायला घेतलं आणि वरच्या कमानीपाशीच सोडून दिलं. "वरून खाली"चा याहून सरळ पुरावा नाही.

रविवारचा भटका

वा, हे भारी आहे. पण ठोकळ्यातून अष्टकोनी किंवा गोल खांब काढताना माप कसं धरत असतील? कोपरे नुसते अंदाजाने उडवले तर आठ बाजू सारख्या येणार नाहीत ना?

ओळंबा

अंदाजाने नाही. दोरी आणि खडू (गेरू म्हणा) एवढ्यावर होणारं काम आहे. ठोकळ्याच्या माथ्याचा चौकोन घ्या. एका कोपऱ्यापासून मध्यबिंदूपर्यंत दोरी धरा. तीच दोरी त्याच कोपऱ्यापासून चौकोनाच्या कडेवर टाका, खूण करा. चारही कोपऱ्यांवरून दोन्ही कडांवर असं केलं की आठ खुणा मिळतात. त्या जोडल्या की अष्टकोन.

आकडा घालून बघा. ९० सेंमीचा चौकोन. कोपरा ते मध्य ६३.६ सेंमी. म्हणजे प्रत्येक कोपऱ्यातून दोन्ही बाजूंना २६.४ सेंमी उडवायचे, मधली बाजू ३७.३ सेंमी राहते. आठही सारख्या. पुढे अष्टकोनाचे कोपरे उडवले की सोळा बाजू, आणि सोळानंतर घासून गोल. आता खांबाचा माथा छताला चिकटलेला असल्याने खुणा ठोकळ्याच्या चारही तोंडांवर उभ्या रेषांत घ्याव्या लागतात, ओळंबा (वजन बांधलेली दोरी) सोडून. ओळंबा चुकला की खांबाला पीळ पडतो. अर्धवट खांबांवर ओणवं होऊन एका डोळ्याने वरपासून खालपर्यंत बघा, कुठे कुठे हा पीळ दिसतो.

टप्पे एकाच ठिकाणी बघायचे तर कान्हेरीचं ३ क्रमांकाचं चैत्यगृह. ३४ खांबांपैकी काहींनाच खाली घट आणि वर नक्षीदार शिरोभाग आहे, उरलेले साधे अष्टकोनी. कार्ल्याशी ताडून बघा. तिथे स्तंभांच्या दोन ओळींत १५-१५ खांब घट, अष्टकोनी दांडा, उलटा घट, वर हत्ती-घोड्यांवरची जोडपी असे पुरे नटलेले, आणि स्तूपामागचे ७ मुद्दाम साधे. कार्ल्यातले साधे खांब ही योजना आहे, अपूर्णता नव्हे. स्तूपाच्या पाठीमागे कोण बघणार! कान्हेरीतले साधे खांब मात्र ओळीच्या मध्येच येतात.

भूस्तर

ओळंबा यांनी कारागिराची बाजू सांगितली. दगडाची बाजू मांडतो, कारण लेणं अर्धवट का राहतं याचं निम्मं उत्तर तिथे असतं.

सह्याद्रीचा बेसाल्ट हा एकावर एक थिजलेल्या लाव्ह्याच्या थरांचा आहे. बाहेरून काळा एकसंध दिसतो, पण प्रत्येक थराचा तळ, मध्य आणि माथा वेगळा. मधला भाग घट्ट, टाकी (छिन्नी) लावली की खणखणीत वाजतो. माथ्याकडचा भाग वायूच्या पोकळ्यांनी भरलेला, आणि त्या पोकळ्यांत झिओलाइट या खनिजाचे पांढरे स्फटिक बसलेले. दोन थरांच्या मध्ये बऱ्याच जागी तांबडा, मातकट पट्टा असतो. हा पट्टा लेण्याचा वैरी. वरच्या थरातल्या उभ्या भेगांतून पावसाचं पाणी खाली येतं, या पट्ट्यावर अडतं आणि आडवं होऊन भिंतीतून पाझरतं. पट्टा भुसभुशीत, तो आधी झिजतो, मग त्याच्यावरचा दगड आधाराविना लोंबतो आणि पडतो. पितळखोऱ्याच्या लेण्यांची दर्शनी बाजू एवढी का ढासळली याचं उत्तर याच थरांत आणि त्यांच्या झिजेत आहे.

म्हणून लेण्याची उंची शिल्पकार एकटा ठरवत नाही. छत घट्ट थराच्या आत यायला हवं आणि वर पुरेसा जाड दगड उरायला हवा. अंदाज चुकला की काय होतं ते अजिंठ्याच्या ४ मध्ये बघा. २८ खांबांचं, तिथलं सर्वांत मोठं विहार. छताचा दगड सुटून पडला, मग छत आणखी वर सरकवून घ्यावं लागलं. तिथे मान वर करून बघितलंत तर लाव्हा वाहताना पडलेल्या वळ्या अजून दिसतात, दोरखंडासारख्या. लाव्ह्याच्या थराचा पृष्ठभाग इतका साफ उघडा पडलेला फार थोड्या लेण्यांत आढळतो.

झिओलाइटच्या पोकळ्या हा त्रास वेगळा. मूर्तीच्या नाकाशी काम आलं आणि आत मुठीएवढी पोकळी निघाली तर काय करणार? दगड बदलता येत नाही. म्हणून चुन्याचा-मातीचा लेप भरून वर रंग. आपण आज "शिल्पकाराने मुद्दाम खडबडीत ठेवलं" म्हणतो, त्यातलं बरंचसं लेप गळून पडल्यावरचं रूप असतं. कैलासवरही पांढरा गिलावा होता, त्याचे तुकडे अजून शिल्लक आहेत.

आणि हो, सगळा महाराष्ट्र एकाच दगडाचा नाही. कान्हेरीचा दगड ज्वालामुखीच्या तुकड्यांचा बनलेला, खडीसारखा. त्यात बारीक नक्षीची धार टिकत नाही, कुठे कठीण तुकडा लागतो, कुठे मऊ. कान्हेरीची मूर्ती आणि अजिंठ्याची मूर्ती यांची तुलना करताना हे विसरलं जातं.

कातळटाकी

पाचरींचा उल्लेख कोणी केला नाही. लाकडी पाचरी भोकात ठोकायच्या, पाणी घालून फुगवायच्या, दगड आपोआप तडकतो. लेणी याच रीतीने खोदली असं आमच्याकडे सगळे मार्गदर्शक सांगतात.

ओळंबा

सांगतात खरं. पण पाचर चालायला दगडाच्या निदान दोन बाजू मोकळ्या लागतात, तुकड्याला सरकायला जागा हवी. बोळाच्या तोंडाशी एकच बाजू मोकळी असते. तिथे पाचर फुगली तरी तुकडा जाणार कुठे? तिथे टोकदार टाकी आणि घण यालाच पर्याय नाही. मधल्या भिंती पाडताना, किंवा कैलासच्या चरासारख्या उघड्या जागी, मोठे तुकडे फोडून काढणं शक्य आहे.

पुरावा भिंतीवरच असतो. पाचरीचा दगड फुटला तर कडेला ओळीने चौकोनी खाचांचे अर्धे राहतात, आपल्या किल्ल्यांवर, पाण्याच्या टाक्यांच्या काठाने, ते ढिगाने दिसतात. विहारांच्या अर्धवट भिंतींवर त्याऐवजी तिरप्या, समांतर रेघा दिसतात. टोकदार टाकीच्या. रेघांची दिशा बघा: उजव्या हाताच्या माणसाचे घाव आणि रेघा एका बाजूला झुकतात. दोन बोळ जिथे मिळाले तिथे रेघांची दिशा पटकन बदलते. भिंतीत कुठे थोडासा खांदा, पायरीसारखी उंची राहिली असेल तर तीच जागा.

खडबडीत रेघा नंतर तशाच ठेवण्यामागे आणखी एक कारण आहे: चित्रांचा गिलावा धरावा म्हणून. गुळगुळीत बेसाल्टवर चिखलाचा लेप टिकत नाही. अजिंठ्यात माती, त्यात भाताचं तूस आणि वनस्पतींचे तंतू, वर चुन्याचा पातळ हात, आणि तो वाळल्यावर रंग. त्यामुळे खडबडीत भिंत म्हणजे अपुरी भिंत, असं धरू नका. रेघा एकसारख्या आणि उथळ असतील तर ती गिलाव्यासाठी तयार ठेवलेली. खोल, उलटसुलट आणि मध्ये उंचवटे असतील तर काम थांबलं.

घासून आरशासारखी केलेली भिंत बघायची तर बिहारमधल्या बराबरला जा. अशोकाच्या काळातल्या त्या ग्रॅनाइटच्या गुंफा. तिथलं लोमस ऋषी गुंफेचं दार फार देखणं, आतलं गोल दालन मात्र अपुरं. दर्शनी बाजू आधी आणि आतलं मागून, हा प्रकार तेव्हापासूनचा आहे. आपल्याकडे जुन्नरला मानमोडीच्या डोंगरात भूतलेणी गटात तेच: कमानीवर शिल्पं कोरून झालेली, आत दालन कच्चं.

सागवान

चैत्यगृहांबद्दल थोडं, कारण विहाराचं गणित तिथे लागू पडत नाही.

चैत्यगृहात लाकूड दोन वेगळ्या कारणांनी येतं आणि दोन्ही मिसळून गोंधळ होतो. एक, खरं लाकूड. भाजे आणि कार्ले इथे कमानीखालच्या फासळ्या खऱ्या लाकडाच्या, अजून जागेवर आहेत. त्यांच्यावर काडीचंही वजन नाही, डोंगर स्वतःला तोलून आहे. भाज्याला तर समोरची सगळी जाळी-भिंतच लाकडी होती, ती गेली, म्हणून आज तो प्रचंड उघडा जबडा दिसतो. कड्यावर चेहऱ्याभोवती चौकोनी खाचा आहेत ना, त्या त्या लाकडाच्या. मोजत बसा, कुठे आडवी तुळई होती, कुठे उभी, ते खाचांच्या ओळींवरून बसवता येतं.

दोन, दगडात कोरलेलं लाकूड. अजिंठ्याच्या १० मध्ये बाजूच्या मार्गिकांत दगडी फासळ्या, मधल्या कमानीत लाकडी होत्या, त्या नाहीशा झाल्या. पुढे १९, २६ आणि वेरूळच्या १० मध्ये (लोक ज्याला सुताराची झोपडी म्हणतात) सगळ्या फासळ्या दगडातच. खऱ्या लाकडाऐवजी दगड आला की काम कितीतरी वाढतं, कारण फासळी शिल्लक ठेवायची म्हणजे कमानीचा पहिला हात मारतानाच प्रत्येक फासळीपुरता दगड सोडावा लागतो. छताचा पहिला हात हाच शेवटचा हात. इथे "आधी ओबडधोबड, मग बारीक" ही चैन नाही.

याच नात्याने एक बारकावा. कार्ल्याच्या स्तूपावरची छत्री लाकडी आहे, माथ्यावरच्या भोकात बसवलेली. अजिंठ्याच्या १९ मध्ये स्तूपावर तीन छत्र्या एकावर एक, स्तूपाच्याच दगडातल्या, थेट कमानीपर्यंत गेलेल्या. त्या सगळ्यात वर, म्हणजे दालनात सर्वांत आधी सुटल्या. खाली स्तूपाचा गोल यायच्या कितीतरी आधी. त्या नाजूक चकत्यांच्या अंगाखांद्याशी राहून पुढे घणाचं काम चाललं. एक फटका चुकला असता तर त्या स्तूपाला छत्री मिळालीच नसती.

खांब आत कललेले असतील तर लेणं जुनं, असाही एक नियम सांगतात. भाज्याचे २७ खांब ठळक आत झुकलेत, लाकडी इमारतीत कमानीचा जोर बाहेर पडू नये म्हणून खांब तिरपे रोवत, त्याची नक्कल. कार्ल्याचे सरळ. म्हणून भाजे आधी, कार्ले नंतर, हे बरोबर. पण फक्त एवढ्यावर वय ठरवू नका, दर्शनी भिंत लाकडी की दगडी, शिलालेखाची अक्षरं, हे सगळं जुळलं पाहिजे.

रविवारचा भटका

सगळं वाचतोय, वहीत उतरवतोय. दोन शंका. एवढा दगड गेला कुठे? आणि मूळ आराखड्यात नंतर कोणी बदल केला असेल तर ते कसं पकडायचं?

पोढी

आधी दगडाचा हिशोब. एक साधी खोली घ्या, भिक्खूची. २.४ मी. लांब, तेवढीच रुंद, २.१ मी. उंच. १२ घनमीटर. बेसाल्टचा घनमीटर सुमारे २.८ टन. म्हणजे एका माणसाला झोपायला ३४ टन दगड बाहेर. फोडलेला दगड दीडपट जागा खातो, म्हणजे १८ घनमीटरचा ढीग. दहा-बारा खोल्या आणि मधलं दालन धरलंत की कड्याखाली केवढी टेकडी होईल! हा राडारोडा समोरच्या उतारावर लोटत, म्हणूनही कड्याच्या पायथ्याशी ओढा किंवा तीव्र उतार सोयीचा.

खोल्यांत शिराल तेव्हा उंबऱ्याशी खाली आणि वरच्या चौकटीत एकेक गोल खळगी शोधा. दाराची लाकडी खुंटी त्यात फिरे. खळगी काठाशी झिजून गुळगुळीत असेल तर ते दार बराच काळ उघडझाप होत होतं, खोली वापरात होती. खळगी आहे पण टाकीच्या रेघा ताज्या, तर दार बसलंच नाही. अर्धवट विहारातही काही खोल्या वापरात असत, मधलं दालन कच्चं असताना.

आता बदल. नाशिकच्या पांडवलेण्यांतलं २० क्रमांक बघा. तिथला शिलालेखच सांगतो की बोपकी नावाच्या यतीने सुरू केलेलं हे लेणं बरीच वर्षं अपुरं पडून होतं, ते महासेनापती भवगोपाची पत्नी वासू हिने पुरं केलं, सातवाहन राजा यज्ञश्री सातकर्णीच्या ७ व्या वर्षी. म्हणजे अर्धवट लेणं आणि ते पुन्हा हाती घेणं, दोन्ही दगडावर लिहिलेलं. त्यानंतर शतकांनी मागची भिंत आणखी आत सरकवून बुद्धाचा गाभारा काढला. असा वाढवलेला भाग ओळखायला छताकडे बघा, जमिनीकडे नको. जमीन पायांनी झिजते आणि दुरुस्तीत फरशी येते. छतावर मात्र जुनी भिंत जिथे संपत होती तिथे पातळीत फरक किंवा रेघांच्या दिशेत बदल राहतो. बाजूच्या खोल्यांची रांग एकाएकी संपते का, खोल्यांमधलं अंतर बदलतं का, तेही बघा.

कारागिरांची नावं हवी असतील तर तीही आहेत, थोडी. कार्ल्याला दाराशी धेनुकाकट या गावचा सामी नावाचा वढकी, वेणुवासाचा मुलगा, "घराचं मुख" केल्याचं सांगतो. वढकी म्हणजे सुतार. दगडाच्या लेण्याच्या दाराला सुतार! सागवान यांच्या मुद्द्याला याहून चांगली साक्ष नको. कान्हेरीच्या चैत्यगृहाच्या लेखात सेलवढकी येतात, म्हणजे दगडाचे सुतार, आणि त्यांच्यासोबत मिठिक, ज्याचा अर्थ घासून गुळगुळीत करणारा असा लावतात. खोदणारा, घडवणारा, घासणारा वेगळा, ही कामाची वाटणी त्यात सरळ दिसते. कोंडाण्याला (कर्जतजवळचं लेणं, सिंहगड नव्हे) कण्हाचा शिष्य बलक "मी केलं" म्हणून सही ठोकून गेलाय.

पाण्याचं विसरू नका. शिलालेखांत टाक्याला पोढी म्हणतात, त्यावरूनच माझं इथलं नाव. पोढीचं तोंड लहान, आत पोट मोठं, म्हणजे ऊन कमी लागतं आणि पाणी उडून जात नाही. पण पोढी ओसरीला खेटून खणली आणि मध्ये भेग निघाली तर पाणी लेण्यात शिरतं. जाणते कारागीर म्हणून दर्शनी बाजूच्या वर कड्यात आडवी पन्हळ कोरत, पागोळ्या ओसरीवर न पडता बाजूला जाव्यात म्हणून. पन्हळ बुजली की मागची भिंत ओली होते, आणि ओल आली की चित्रांचा गिलावा फुगून सुटतो. पितळखोऱ्याला कारागिरांनी पाण्यालाच कामाला लावलंय: दाराशेजारी पाच फण्यांचा नाग, आतून पाट कोरून त्याच्या तोंडांतून पाणी ठिबकेल अशी योजना.

कातळटाकी

पाचरीचं पटलं. मग कैलासमध्ये शेवटचा भाग कोणता? खालचे हत्ती?

ओळंबा

हो, मंदिराला पाठीवर घेतलेले हत्ती-सिंह जोत्याचे, म्हणून ते शेवटी मोकळे झाले. आणि आधी झालेला वरचा भाग बघायचा तर लेण्यात शिरू नका, डोंगरावर चढून चराच्या काठाशी जा. मंडपाच्या छतावर मोठं कमळ आणि त्यावर चार सिंह दिसतील. खालून, मंडपात उभं राहून, ते दिसतच नाहीत. काम मात्र त्याहून वर, शिखराच्या माथ्यापासून सुरू झालं, हे छत त्यानंतरचं. चराच्या भिंतीत कोरलेले सज्जे आणि दालनं मात्र चर तेवढा खोल गेल्यावरचीच, त्यातली काही कितीतरी नंतरची. अख्खं कैलास राष्ट्रकूट कृष्ण पहिला (७५६–७७३) याच्या नावावर जातं, पण सगळं त्याच्याच कारकिर्दीत पुरं झालं असं समजायचं कारण नाही.

तिथे अर्धवट काही बघायचं तर पलीकडे जैन गटात ३० क्रमांक, छोटा कैलास. तोच आराखडा छोट्या मापात, मध्येच सोडलेला.

रविवारचा भटका

शेवटचं विचारतो. सामान काय घेऊ?

भूस्तर

टॉर्च घ्या, पण झगझगीत नको. भिंतीसमोर धरून काही दिसत नाही. भिंतीला जवळजवळ चिकटवून तिरका धरा, म्हणजे टाकीच्या रेघांना सावली पडते आणि दिशा कळते. हे फक्त बिनचित्रांच्या अर्धवट लेण्यांत करा. चित्रं असलेल्या लेण्यांत फ्लॅश चालत नाही, टॉर्चही चित्रांवर मारू नये. छोटी मोजपट्टी, आणि ओळंब्यासाठी दोऱ्याला बांधलेला नट. भिंतीला काहीही टेकवू नका, दोरा हवेत धरून मागे खांबाची कड ताडायची.

अजिंठा सोमवारी बंद, वेरूळ मंगळवारी. आणि २४ ला सकाळी लवकर पोचा, उन्हाचा तिरपा झोत ओसरीत शिरतो का ते त्या दिवशी बघून ठरवा. तो मिळाला तर टॉर्च खिशातच राहील.